काळ मुदतीत कसा बसवावा

सजीवांवर काळाचा काय परिणाम होतो, याचा अभ्यास करणारी अकादमी आपल्या जिल्ह्यात काढण्याचे आपण मनावर घेतले आहे, हे ऐकून समाधान वाटले. जागा, इमारत आणि कोनशिला यांबाबत आपल्याला सल्ल्याची गरज नसावी. कोनशिलेवर कोणाचे नाव वर आणि कोणाचे खाली हे एकदा ठरले की अर्धी अकादमी उभी राहिल्यासारखीच असते. अडचण येते ती त्यानंतर. अभ्यासाचा विषय असलेला काळ अनुदानाच्या तीन वर्षांत सहसा बसत नाही, आणि त्याला तेथे बसवणे हेच संचालक या नात्याने आपले मुख्य काम राहील.

कारवीपासून सुरुवात करावी. सह्याद्रीतली कारवी साधारण सात वर्षांनी एकदा फुलते, बी धरते आणि मरून जाते. मुंबईच्या संजय गांधी राष्ट्रीय उद्यानात ती २००८ साली फुलली आणि मग २०१६ साली, त्यामुळे सात की आठ, हा वादही आपल्या पहिल्या चर्चासत्राला पुरेल. तीन वर्षांच्या प्रकल्पात कारवीचा अभ्यास करायचा म्हणजे बहुतेक वेळा खरखरीत पानांच्या झुडपाकडे पाहत बसायचे. म्हणून पहिले वर्ष उपकरणांच्या खरेदीला द्यावे, दुसरे त्या उपकरणांच्या देखभालीला आणि तिसरे मुदतवाढीच्या प्रस्तावाला. अंतिम अहवालात ‘निरीक्षण कालावधीत फुलोरा आढळून आला नाही’ असे लिहावे. वाक्य शब्दशः खरे आहे, आणि लेखापरीक्षणासाठी येणाऱ्या साहेबांना कारवी आणि करवंद यांतला फरक विचारण्याचा प्रघात नाही. मुदतवाढ नामंजूर झाल्यावर एखाद्या सप्टेंबरात अकादमीच्या मागचा डोंगर जांभळा होईल. त्या दिवशी खिडक्यांचे पडदे ओढून घ्यावेत, कारण बंद झालेल्या लेखाशीर्षाखाली उमललेल्या फुलांची नोंद घेण्याची तरतूद नाही.

विल्यम बील यांच्यासारखी चूक मात्र करू नये. या अमेरिकन वनस्पतिशास्त्रज्ञाने १८७९ साली मिशिगनमध्ये वीस बाटल्या वाळू आणि बियांनी भरून जमिनीत पुरल्या, आणि ठरावीक वर्षांनी एकेक बाटली काढून बी रुजते का, ते पाहायचे ठरवले. पुढे पाच वर्षांचे अंतर दहा झाले आणि दहाचे वीस. २०२१ साली नव्या पिढीतल्या अभ्यासकांनी पहाटेच्या अंधारात, बियांना उजेड लागू नये म्हणून जपत, एक बाटली उकरली, तेव्हा १४१ वर्षे पुरलेल्या बियांपैकी काही रुजल्या. शेवटची बाटली २१०० साली निघायची आहे. शास्त्र म्हणून हे ठीक असेल, पण प्रशासनाच्या दृष्टीने पाहा: गृहस्थ १९२४ साली वारले आणि प्रकल्पाचे उपयोगिता प्रमाणपत्र अद्याप सादर झालेले नाही.

वयोमापनासाठी आपण वेगळा विभाग काढणारच असाल. तेथे पूर्वसूरींची पद्धत चालू ठेवावी. १९६४ साली नेवाडातल्या एका डोंगरावर हिमनद्यांचा इतिहास शोधणाऱ्या एका विद्यार्थ्याला ब्रिसलकोन जातीच्या एका जुनाट पाइन वृक्षाचे वय हवे होते. खोडात गिरमिट घालून काम भागेना, तेव्हा वनखात्याच्या रीतसर परवानगीने वृक्ष तोडण्यात आला. मग सावकाश वलये मोजली, ती ४,८०० हून अधिक भरली. एवढा म्हातारा वृक्ष त्या वेळेपर्यंत जगात दुसरा कोणाला माहीत नव्हता, आणि मोजणी संपेपर्यंत हाही राहिला नव्हता. २००६ साली आइसलँडजवळच्या समुद्रातून संशोधकांनी शिंपले गोळा केले आणि नेहमीप्रमाणे बोटीवरच गोठवून टाकले. त्यांतल्या एकाच्या कवचावरच्या रेघा मोजल्यावर वय आधी ४०५ आणि फेरतपासणीत ५०७ वर्षे निघाले. म्हणजे वास्को द गामा हिंदुस्थानची पहिली सफर उरकून लिस्बनला परतला, त्या १४९९ सालचा हा जीव. (आमच्या कोकणात तिसऱ्यांचे इतके वय होऊ देत नाहीत, त्यामुळे असा पेच सहसा उद्भवत नाही.) दोन्ही ठिकाणी आकडा अचूक मिळाला, हे महत्त्वाचे. जिवंत वृक्षाचे वय ‘अंदाजे’ असते आणि ‘अंदाजे’ हा शब्द प्रपत्रात चालत नाही.

हजेरीबाबतही शास्त्राचा आधार उपलब्ध आहे. मिशेल सिफ्र हा फ्रेंच भूगर्भशास्त्रज्ञ १९६२ च्या जुलैमध्ये आल्प्समधल्या एका गार गुहेत घड्याळाविना राहायला गेला. १४ सप्टेंबरला त्याला बाहेर काढले, तेव्हा त्याच्या हिशेबाने २० ऑगस्ट चालू होता. जेवणाच्या सुटीहून पावणेचार वाजता परतणाऱ्या आणि मनापासून ‘आत्ताच तर गेलो होतो’ म्हणणाऱ्या वरिष्ठ लिपिकाकडे यापुढे आपण सहानुभूतीने पाहाल. अशा प्रसंगी मेमो काढू नये, शोधनिबंध काढावा.

शोधनिबंध कोणी लिहायचा, हा प्रश्न मात्र नाजूक आहे. या शास्त्राचा आरंभ १७२९ साली द मेरां नावाच्या फ्रेंच विद्वानाने केला. दिवसा पाने उघडणारे आणि रात्री मिटणारे लाजाळूसारखे झाड त्याने अंधारात ठेवले आणि सूर्य न दिसताही पाने आपल्या वेळेवर उघडतात-मिटतात, असे पाहिले. हे पॅरिसच्या विज्ञान अकादमीपुढे मांडण्याचे कष्ट त्याने स्वतः घेतले नाहीत; ते त्याच्या वतीने एका मित्राने केले. आपल्याकडे काम एकाचे आणि लेख दुसऱ्याचा ही प्रथा चांगली रुळलेली आहे, फक्त दुसरा पहिल्याचे नाव घालत नाही, एवढाच काय तो फरक.

हाच प्रयोग आपणही करून पाहावा, कारण तो स्वस्त आहे. रोपवाटिकेतून लाजाळूची एक कुंडी आणावी, तीन कोटेशने जोडावीत आणि कुंडी अकादमीच्या लोखंडी कपाटात बंद करावी. किल्ली भांडारपालाकडे राहील. तो मार्चअखेर निवृत्त होईल, नवी नेमणूक होईपर्यंत कार्यभार कोणाकडेच नसेल, आणि दोन पावसाळ्यांनंतर पंचांसमक्ष कपाट उघडले जाईल. आत कोरडी माती आणि काटेरी काड्या दिसल्या तरी विचलित होऊ नये. खरेदीच्या वेळी कुंडीची नोंद जडसंग्रह नोंदवहीत झाली असणारच. तिच्यापुढे तांबड्या शाईने ‘निर्लेखित’ असा शेरा मारावा आणि खाली तारीख घालावी, शक्यतो मागची.