सेनेनमुतचं ‘गुप्त भुयार’ आणि फॉरवर्डवाली लव्हस्टोरी

इजिप्तची राणी हातशेपसुत आणि तिचा कारभारी सेनेनमुत यांची स्टोरी परत फिरायला लागलीये. दोघांचं अफेअर होतं म्हणे, तिला भेटायला त्याने देवळाखालून गुप्त भुयार खणलं, आपली चित्रंही देवळात चोरून कोरली, आणि शेवटी राणीचा सावत्र मुलगा तिसरा थुतमोस याने त्याला मारून टाकलं.

आधी भुयार. अहो ती त्याची स्वतःची कबर आहे! 1927 मध्ये पुरातत्त्वज्ञ हर्बर्ट विनलॉकला सापडली. तोंड देर अल-बहारीच्या, म्हणजे हातशेपसुतच्या देवळाबाहेर दगडाच्या खाणीत, तिथून जिने तिरके खाली देवळाच्या पहिल्या अंगणाखाली जातात, वाटेत तीन खोल्या आणि मग संपलं, काम अर्धवट राहिलंय, दुसऱ्या टोकाला ती वर कुठेच निघत नाही. बरं वर राजवाडा पण नाहीये, राणीच्या मृत्यूनंतरच्या पूजेसाठी बांधलेलं देऊळ आहे, मग तिथे भेटायचं कुणाला? आणि जे सांगायला हवं ते कुणी सांगतच नाही, की यातल्या पहिल्या खोलीच्या छतावर आकाशाचा नकाशा रंगवलाय, आपलं मृग नक्षत्र, व्याध, सप्तर्षी, बारा महिन्यांची बारा वर्तुळं. इजिप्तमधलं असं सगळ्यात जुनं माहीत असलेलं छत हेच. मला तर अफेअरपेक्षा हेच भारी वाटतं.

अफेअरचा पुरावा म्हणून एक अश्लील चित्र दाखवतात, देवळाच्या वरच्या डोंगरातल्या गुहेत कुणीतरी खरडलेलं. त्यावर ना तिचं नाव ना त्याचं. सेनेनमुत अमुन देवाच्या देवस्थानाच्या इस्टेटीचा मुख्य कारभारी होता आणि हातशेपसुतची मुलगी राजकन्या नेफेरुरे हिचा शिक्षक, त्याच्या अंगरख्यातून तिचं छोटंसं डोकं बाहेर डोकावतंय असे पुतळे आजही म्युझियममध्ये आहेत. आईबाप साधे, वडील रामोस यांच्या नावापुढे कुठलंच मोठं पद नाही. साध्या घरातला माणूस एवढा वर चढला की लोकांना अफेअरच दिसतं, हे काय इजिप्तपुरतंच नाही म्हणा.

चोरून कोरलेली चित्रं? ती दारांमागे आहेत हे खरं, पण राजाच्या (म्हणजे हातशेपसुतच्याच, ती राजा म्हणूनच राज्य करायची) मेहेरबानीने परवानगी मिळाली असं तिथल्या लेखातच लिहिलंय. चोर कधी असं लिहून ठेवतो का?

राहिला खून. सेनेनमुतची शेवटची तारीखवार नोंद राज्यवर्ष 16 ची (थुतमोस गादीवर आल्यापासून मोजलेलं, तेव्हा हातशेपसुतही सोबत राज्य करत होती), थुतमोस एकटा राजा झाला साधारण 22 व्या वर्षी, आणि हातशेपसुतची नावं खोडायला सुरुवात झाली त्यानंतर आणखी वीसेक वर्षांनी. एवढा थंड सूड कोण घेतं? सेनेनमुतची नावंही सरसकट खोडलेली नाहीत, कुठे खोडलीयेत, कुठे तशीच आहेत. त्याच्या डोंगरावरच्या दुसऱ्या कबरीत दगडी शवपेटीचे तुकडे तुकडे सापडले, म्हणजे कुणीतरी ती फोडली हे नक्की, पण तेवढ्यावरून खुनी ठरवता येत नाही, आणि त्याची ममी तर मिळालेलीच नाही.