दगडाकडे पंधरा मिनिटं

‘पंधरा मिनिटं म्हातारा दगडाकडे बघतो आणि दगड म्हाताऱ्याकडे. याला सिनेमा म्हणायचं?’ पुण्याच्या आतेभावाने आमच्या ग्रुपवर टाकलं, खाली हसण्याची रांग लागली. चार दिवस झाले, ते वाक्य डोक्यातून जात नाही.

तो बोलत होता इटालियन दिग्दर्शक अंतोनिओनीच्या २००४ सालच्या ‘लो स्गुआर्दो दि मिकेलांजेलो’बद्दल. म्हणजे मिकेलांजेलोची नजर. दिग्दर्शकाचं नावही मिकेलांजेलोच. १९८५ मध्ये पक्षाघाताने त्याची वाचा जवळजवळ गेली. नव्वदी ओलांडल्यावर तो रोममधल्या सान पिएत्रो इन विन्कोली चर्चमध्ये, शिल्पकार मिकेलांजेलोने घडवलेल्या मोझेसच्या पुतळ्यासमोर आला. एरवी व्हीलचेअरवर असणारा हा माणूस पडद्यावर चालत येतो. संवाद नाहीत. संगमरवरावरून फिरणारा सुरकुतलेला हात, आणि त्या हाताइतकाच सावकाश कॅमेरा. दादा, वाचा गेलेल्या माणसाने दगडाशी आणखी कसं बोलायचं?

मी इथे रोममध्येच राहते. मेट्रोने कावूर स्टेशनला उतरून, पायऱ्या चढून अधूनमधून तिथे जाते, दुपारी दार लागायच्या आत. पेटीत नाणं टाकलं की दिवा लागतो. लोक फोटो काढतात, दिवा विझला की निघतात. मी थांबते. झगझगीत उजेडात सगळं एकदम अंगावर येतं. विझल्यावर हळूहळू उजव्या हाताचं बोट दिसू लागतं, दाढीची जाड बट बाजूला ओढून धरणारं. दगडात केस दबलेले दिसतात. ते बोट दिसायला मला तीन खेपा लागल्या. अंतोनिओनीच्या कॅमेऱ्याकडे हाच धीर आहे, म्हणून तो सिनेमा आहे.

‘तुम्हाला तिकडे थांबून बघायची सवयच उरली नाही,’ असं उत्तर लिहिलं होतं. पाठवलं नाही.

कारण अलिबागजवळचं सासवणे आठवलं. सुट्टीत शेजारच्या आवासला मावशीकडे जायचो. पुण्यातला शिवछत्रपतींचा १९२८ चा अश्वारूढ पुतळा घडवणाऱ्या शिल्पकार करमरकरांचं सासवण्यातलं घर तिथून हाकेच्या अंतरावर, आत त्यांची शिल्पं. मावशी दरवर्षी म्हणायची, ‘अगं, बघून तरी या.’ आम्हाला समुद्रावर जायचं असायचं, नाहीतर मांडव्याची लाँच गाठायची असायची. इतक्या वर्षांत एकदाही आत गेले नाही.

मोझेसचं बोट मी डोळे मिटून काढून दाखवीन. करमरकरांच्या एकाही मूर्तीचा हात कसा आहे, मला सांगता यायचं नाही.