‘तिकडचे सूफी म्हणजे रूमी आणि गिरक्या’: एका फॉरवर्डला उत्तर

एक मजकूर पुन्हा पुन्हा पुढे ढकलला जातो. त्याचा गाभा असा: युरोप-अमेरिकेतला सूफीपंथ हा इस्लाम नव्हेच. साठच्या दशकात हिप्पींनी तो उचलला. त्यात नमाज नाही, रोजा नाही. रूमी या जुन्या फारसी सूफी कवीच्या कविता आणि पांढऱ्या घेरदार झग्यातल्या गिरक्या आहेत. तिकडे स्थायिक झालेल्या मुसलमानांनी सूफीपणा कधीच सोडला, उरले ते गोरे हौशी. आणि सूफी राजकारणात पडत नाहीत, म्हणून सरकारांनी त्यांनाच जवळ करावं.

यातलं एक वाक्य अर्धं खरं आहे. ते कुठलं, ते ओघात येईलच.

‘हिप्पींनी नेला’

हिप्पींच्या आधी खलाशी होते. जहाजांच्या बॉयलरखान्यात कोळसा ओढणारे येमेनी कार्डिफ आणि साउथ शील्ड्स या बंदरांत राहत. त्यांच्यात १९३६ साली शेख अब्दुल्ला अली अल-हकीमी आले. ते अल्जीरियातल्या मुस्तगानमच्या शेख अहमद अल-अलवींच्या सिलसिल्यातले, म्हणजे गुरुपरंपरेतले. त्यांनी जाविया काढल्या. जाविया म्हणजे आपल्याकडच्या खानकाहसारखी, सूफींच्या मठासारखी जागा. खलाशी महिनोन् महिने समुद्रावर असत, म्हणून त्यांच्या वेल्श आणि इंग्रज बायका-मुलांना शिकवण्याची सोयही तिथेच होती. कार्डिफच्या पील स्ट्रीटवरची त्यांची मशीद १९४१ च्या बॉम्बहल्ल्यात पडली, मग पुन्हा उभी राहिली. हिप्पी त्या वेळी जन्मायचे होते.

त्याहून जुना धागा तर आपल्या घरातला. सयाजीराव गायकवाडांच्या बडोद्यात मौलाबख्शांची गायनशाळा १८८६ ला सुरू झाली. त्यांचे नातू इनायत खान १३ सप्टेंबर १९१० ला अमेरिकेला निघाले, ते वीणा घेऊन. त्यांचे मुर्शिद, म्हणजे गुरू, हैदराबादचे अबू हाशिम मदनी. चिश्ती सिलसिल्याची ती कडी मागे मोजत गेलात तर दिल्लीचे फख्रुद्दीन आणि त्यांचे वडील निजामुद्दीन औरंगाबादी येतात. म्हणजे पॅरिसजवळच्या स्युरेनमध्ये त्यांच्याकडे बैअत (शिष्यत्वाची शपथ) घेणारी फ्रेंच बाई जी नावं पाठ म्हणायची, त्यातलं एक मराठवाड्यातलं होतं.

‘नमाज नाही, रोजा नाही’

हेच ते अर्धं खरं वाक्य. इनायत खानांनी मुरीद (शिष्य) करून घेताना धर्म बदलायची अट घातली नाही. त्यांच्या परंपरेतल्या काही शाखा आज स्वतःला मुसलमान म्हणवतही नाहीत. एक टोक तर थेट अहिल्यानगरला येऊन पोचतं. त्यांच्या अमेरिकन शिष्या राबिया मार्टिन यांनी मेहेरबाबांना मानलं आणि १९५२ साली मेहेरबाबांनी त्या गटाला नवी सनद दिली. कॅलिफोर्नियातली ही मंडळी मेहेराबादला येतात, मक्केला नव्हे. ते इस्लामी तरीका (सूफी पंथ) नाहीत आणि तसा त्यांचा दावाही नाही.

पण या एका घराण्यावरून सगळ्या गावाला नाव ठेवायचं तर बाकीच्या घरांतही डोकवायला हवं.

नक्शबंदी सिलसिल्याचा ‘खत्म-ए-ख्वाजगान’ हा सामूहिक जप घ्या. सायप्रसमधल्या लेफ्केचे शेख नाझिम हक्कानी (१९२२–२०१४) सत्तरच्या दशकापासून लंडनला येत राहिले. त्यांच्या शाखेतला मोठा खत्म असा चालतो: वर्तुळात मांडी घालून बसायचं, आवाज करायचा नाही. ७० वेळा इस्तिगफार (क्षमायाचना), ७ वेळा फातिहा (कुराणाची पहिली सूरा), १०० वेळा दरूद (पैगंबरांसाठी दुआ). मग ‘अलम नशरह’ ही सूरा ७९ वेळा, ‘इखलास’ ही सूरा १००१ वेळा. पुन्हा ७ फातिहा, १०० दरूद. हिशेब राहावा म्हणून खडे वाटून घेतात. दहा माणसं असली तर इखलास प्रत्येकाच्या वाट्याला शंभर, आणि उरलेली एक म्होरक्याची. चारच माणसं आली तर अडीचशेच्या वर जाते. मग घाई होते, शब्द गिळले जातात. म्हणून माणसं कमी असली की छोटा खत्म करतात, त्यात ‘अलम नशरह’ सात आणि इखलास अकरा. खडे कमी-जास्त वाटले गेले तर मोजणी चुकते आणि कुजबूज सुरू होते. यात रूमीची एक ओळ नाही. सगळं कुराण आणि दरूद.

शाजिली सिलसिल्याच्या घराण्यांत रोजचा विर्द (नेमाचा जप) सकाळ-संध्याकाळ: शंभर इस्तिगफार, शंभर दरूद, शंभर ‘ला इलाहा इल्लल्लाह’. पंधरा-वीस मिनिटांचं काम. पण पहाटेच्या फजरच्या नमाजाला जोडला नाही तर तो दोन आठवड्यांत सुटतो, हे जुने मुरीद नव्यांना पहिल्याच दिवशी सांगतात. नमाज सोडून विर्द टिकवणं म्हणजे खुंटीशिवाय कपडे टांगणं.

वेळेचा घोळ वेगळाच. उत्तर इंग्लंडमधल्या ब्रॅडफर्डला जूनच्या अखेरीस सूर्य पावणेदहाच्या आसपास मावळतो, इशा (रात्रीची नमाज) अकराच्या पुढे जाते. दुसऱ्या दिवशी पहाटपाळी असलेला माणूस इशानंतर जिक्रला (नामस्मरणाला) कसा थांबणार? डिसेंबरात उलट: सूर्यास्त चारच्या आधी, म्हणजे मगरिबला लोक कामावरच. त्यामुळे जिक्रची वेळ ऋतूप्रमाणे पुढेमागे करावी लागते, आणि उरूस चांद्र तारखेऐवजी शनिवार-रविवार बघून ठरतो. नमाज नसती तर हा सगळा खटाटोप कोणी कशाला केला असता?

अमेरिकेत एकाच शेखची दोन घरं बघायला मिळतात. इस्तंबूलचे मुजफ्फर ओझाक (१९१६–१९८५) हे खलवती-जर्राही सिलसिल्याचे. त्यांचे एक खलिफा (नेमलेले उत्तराधिकारी) तोसुन बायराक. न्यूयॉर्कजवळच्या चेस्टनट रिज इथल्या त्यांच्या दर्गाहात, म्हणजे मठात, शरीयतीचं पालन काटेकोर. दुसरी शाखा मॅनहॅटनच्या मस्जिद अल-फराहची. तिचा सूर सर्वधर्मी आणि तिथे शेखपद स्त्रीकडेही आलं. मूळ एक, फांद्या दोन. फॉरवर्डवाल्याला यातली एकच फांदी दिसते.

फिलाडेल्फियाचे बावा मुहय्यद्दीन तर उलट्या दिशेने गेले. श्रीलंकेहून १९७१ ला आले, बोलायचे तमिळ, गोष्टी सांगायचे सगळ्या धर्मांतल्या. पहिली काही वर्षं नमाजाचा आग्रह नव्हता. पण १९८४ ला त्याच मंडळींनी स्वतः राबून मशीद बांधून काढली आणि पाच वेळची नमाज सुरू झाली. १९८६ ला बावा गेले. पेनसिल्व्हेनियाच्या शेतांमध्ये त्यांचा मजार आहे. म्हणजे सैलपणाकडून शिस्तीकडे. मजकुराच्या हिशेबात हे बसतच नाही.

‘उरले ते गोरे’

हे वाक्य लिहिणाऱ्याने इंग्लंडमधल्या गिरणगावांचा शुक्रवार पाहिलेला नसावा. पाकिस्तानकडच्या मिरपूर, कोटली, पोठोहार इकडून कापडगिरण्यांत आणि ओतशाळांत आलेले कामगार बहुसंख्येने बरेलवी वळणाचे, म्हणजे पीर, उरूस, मिलाद, ग्यारहवी मानणारे. पीर मारूफ हुसेन शाह नौशाही १९६१ ला आले, गिरणीत काम केलं आणि १९६३ मध्ये ब्रॅडफर्डला जमियत तब्लीग-उल-इस्लाम काढली. पुढे तिच्या छत्राखाली शहरभर मशिदी झाल्या. बर्मिंगहॅममध्ये पाकिस्तानातल्या कोहाटच्या घमकोल शरीफच्या जिंदापीरांचे खलिफा सूफी अब्दुल्ला यांनी जुलूस सुरू केला: रस्त्यावरून मोठ्याने जिक्र करत चालायचं. त्यामागची समजूत अशी की अल्लाहचं नाव घेत पायाखाली घातलेली जमीन आपली होते. संदलची मिरवणूक पाहिलेल्या माणसाला हे वेगळं समजावून सांगायला नको.

न्यूयॉर्कच्या हार्लेममध्ये २८ जुलैला सेनेगलचे मुरीद शेख अहमदू बंबांच्या नावाने मोर्चा काढतात. (‘मुरीद’ हे इथे सिलसिल्याचंच नाव आहे.) त्यांचा कणा म्हणजे ‘दाहिरा’. आपल्या भिशीमंडळाला भजनीमंडळ जोडलं तर जे होईल ते. आठवड्याला जमायचं, बंबांची अरबी कवनं गायची, वर्गणी काढायची. त्यातून कुणाचं प्रेत मायदेशी पाठवायचा खर्च निघतो, सिलसिल्याच्या तुबा या पवित्र शहराला रक्कम जाते, नव्याने आलेल्याला खोली आणि विकायला माल मिळतो. रस्त्यावर छत्र्या-घड्याळं विकणारा तरुण कुठल्या दाहिरात आहे हे कळलं की त्याला उधारी मिळते.

‘राजकारणात पडत नाहीत’

हा समज सगळ्यांत महागात पडणारा, कारण सरकारांनीही तो गिळला. लंडनमधल्या २००५ च्या बॉम्बहल्ल्यानंतर वर्षभराने, जुलै २००६ मध्ये, ब्रिटिश संसदेत सूफी मुस्लिम कौन्सिल सुरू झाली, मंत्र्यांच्या आशीर्वादाने. ती मशिदींत रुजली नाही. कारण साधं आहे: पीराचा अधिकार बैअतीतून आणि गादीतून येतो, मंत्र्याच्या पत्रातून नव्हे. वरून नेमलेल्या प्रतिनिधीमागे मुरीद जात नाहीत.

आणि ‘सूफी म्हणजे मवाळ’ हे तर इतिहासाला धरून नाहीच. कार्डिफचे तेच अल-हकीमी पुढे येमेनच्या इमामाविरुद्ध उभे राहिले, त्यासाठी अरबी वर्तमानपत्र काढलं, आणि त्यापायी स्वतःची जावियाच दुभंगून बसले. त्यांचा नायब इमामाच्या बाजूचा निघाला. १४ जानेवारी १९८९ ला ब्रॅडफर्डमध्ये सलमान रश्दींच्या कादंबरीची प्रत जाळली गेली, तेव्हा त्या गर्दीत बरेलवी मोठ्या संख्येने होते. पैगंबरांवरचं प्रेम हा त्यांच्या भक्तीचा गाभा, म्हणून अवमानाचा घावही तिथेच सर्वांत खोल बसतो. २०१६ मध्ये ग्लासगोत एका अहमदिया पंथाच्या दुकानदाराचा खून करणारा माणूस पाकिस्तानच्या मुमताज कादरीला, म्हणजे ईशनिंदेच्या कायद्यावर टीका करणाऱ्या राज्यपालाच्या मारेकऱ्याला, वीर मानणारा होता, आणि कादरी स्वतः बरेलवी. यावरून सगळे सूफी हिंसक ठरत नाहीत. पण सूफी आणि सलफी (पीर-उरूस न मानणारे) अशी शांत-हिंसक वाटणी करून कुणाला धोरण आखायचं असेल, तर त्याची पट्टीच वाकडी आहे.

उलट बाजूही तितकीच राजकीय. अलवी सिलसिल्याचे शेख खालिद बेंतुनेस यांनी फ्रान्समध्ये मुस्लिम स्काउट चळवळ उभी केली. पुढे त्यांच्याच पाठपुराव्याने संयुक्त राष्ट्रांनी १६ मे हा ‘शांततेत एकत्र जगण्याचा दिवस’ ठरवला. ठरावाची तारीख ८ डिसेंबर २०१७.

राहिला रूमी, आणि त्या गिरक्या

‘चूक-बरोबरच्या पलीकडे एक मैदान आहे, तिथे तुला भेटेन’ ही ओळ लग्नपत्रिकांवरही छापतात. मूळ फारसी रुबाईत चूक-बरोबर नाही. ‘अज कुफ्र ओ जे इस्लाम बिरून’ आहे, म्हणजे कुफ्र (अश्रद्धा) आणि इस्लाम यांच्या बाहेर एक वाळवंट. ‘तुला भेटेन’ तर मुळातच नाही. तिथे पोचलेला आरिफ (ज्ञानी) डोकं टेकवतो, असं आहे. धाडस मूळ ओळीतच जास्त होतं. इंग्रजी रूपांतराने धर्माचं नाव काढून ते गुळगुळीत केलं. आणि ‘ये, ये, कोणीही अस’ ही प्रसिद्ध रुबाई रूमीची मानली जात नाही. ती आधीच्या कवींच्या नावावर सापडते. मसनवी या रूमीच्या दीर्घकाव्यातलं म्हणून काही पुढे पाठवायचं असेल तर आधी दफ्तर (खंड) आणि बैताचा (द्विपदीचा) क्रमांक मागा. मसनवीची सहा दफ्तरं, पंचवीस हजारांच्या घरात बैत, सगळी क्रमांकवार छापलेली. क्रमांक नसेल तर संशय घ्या.

गिरकी शिकायची रीत फार कमी लोकांनी पाहिली आहे. लाकडी फळीवर गुळगुळीत खिळा, त्यावर मीठ भुरभुरलेलं. डाव्या पायाचा अंगठा आणि शेजारचं बोट यांच्या बेचक्यात खिळा धरायचा आणि त्याच आसावर फिरायचं. मीठ कमी पडलं की कातडी सोलते. टाच उचलली की आस सुटतो आणि माणूस भिंतीकडे सरकतो. जुन्या काळी मेवलेवी, म्हणजे रूमीच्या सिलसिल्याच्या, मठात दर्वेश व्हायला १००१ दिवस स्वयंपाकघरात राबावं लागे. १९२५ च्या कायद्याने तुर्कस्तानने मठ बंद केले. पन्नाशीच्या दशकात कोन्याला समा (हा गिरक्यांचा विधी) परतला तो जाहीर कार्यक्रम म्हणून, आणि तिथून युरोप-अमेरिकेच्या रंगमंचांवर गेला.

तरी क्रम तोच राहिला. सुरुवातीला नअत, म्हणजे पैगंबरांचं स्तुतिगीत, मग नगारा, बासरी, तीन संथ फेऱ्या, काळे झगे उतरवणं, गिरक्यांचे चार सलाम. त्यानंतर सगळे थांबतात आणि कुराण वाचलं जातं, बहुधा दुसऱ्या सूरेची ११५ वी आयत: पूर्व आणि पश्चिम अल्लाहचीच, जिकडे तोंड कराल तिकडे त्याचाच चेहरा. मग फातिहा. फिरत्या व्हिडिओंत एवढा भाग कापलेला असतो.