त्या दोघांना नावं होती

व्हॉट्सॲपवर फिरणारा एक फॉरवर्ड परवा माझ्या भाचीच्या वक्तृत्व स्पर्धेच्या भाषणात शिरला. "मावशी, वाचून बघ ना," म्हणून तिनं पाठवलं. मजकूर असा: १९५१ साली सॅन फ्रान्सिस्को विद्यापीठाचा अमेरिकन फुटबॉलचा संघ अजिंक्य होता. 'दोन काळ्या खेळाडूंना सोडून या' असं सांगणारं ऑरेंज बाउलचं (हंगामानंतर निवडक संघांना बोलावून होणाऱ्या मोठ्या सामन्याचं) पत्र गोऱ्या खेळाडूंनी मैदानातच फाडलं. चिडलेल्या सरकारनं संघ बंद पाडला. पण त्या त्यागानं पुढच्याच वर्षी खेळातला वर्णभेद संपला. ना मोर्चा, ना कोर्ट, ना कायदा. त्या दोघांपैकी एक पुढे एनएफएलचा, म्हणजे अमेरिकेतल्या व्यावसायिक फुटबॉल लीगचा, पहिला काळा खेळाडू झाला.

'ना कोर्ट, ना कायदा' वाचून माझं डोकंच फिरलं. हे शाळेतल्या मुलांना शिकवायचं?

त्या हंगामानंतर ५ वर्षांनी, १९५६ साली, लुइझियाना राज्यानं गोऱ्या-काळ्यांनी एकत्र खेळण्यावरच बंदी घालणारा कायदा केला. प्रेक्षकांना बसायच्या जागाही वेगळ्या ठेवायला लावल्या. ऑरेंज बाउलसारखाच शुगर बाउल हा सामना याच राज्यात, न्यू ऑर्लिन्सला व्हायचा. हा कायदा कुणाचं मन द्रवलं म्हणून गेला नाही. जोसेफ डॉर्सी या कृष्णवर्णीय मुष्टियोद्ध्यानं खटला भरला, १९५८ मध्ये संघीय न्यायालयानं कायदा घटनाबाह्य ठरवला आणि १९५९ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं तो निकाल कायम केला. एक माणूस राज्याविरुद्ध कोर्टात उभा राहिला, म्हणून दार उघडलं. त्याला गाळून सगळं श्रेय चांगुलपणाला देणं म्हणजे लढणाऱ्याची मेहनत पुसून टाकणं आहे. आणि १९५१ चं वातावरण काय होतं? त्याच ऑक्टोबरात ओक्लाहोमात जॉनी ब्राइट या कृष्णवर्णीय खेळाडूचा जबडा, चेंडू त्याच्याकडे नसताना, ठोसा मारून मोडला. त्या प्रसंगाच्या छायाचित्रांना पत्रकारितेचं पुलित्झर पारितोषिक मिळालं.

सरकारनं संघ बंद पाडला हेही खोटं. विद्यापीठाला फुटबॉलचा खर्च झेपत नव्हता. त्याच सुमारास सेंट मेरीज, लोयोला, सांता क्लारा या कॅलिफोर्नियातल्या इतर कॅथलिक कॉलेजांनीही मोठ्या पातळीवरचा फुटबॉल सोडला. बाउलचे पैसे मिळाले असते तर संघाला आधार झाला असता, एवढं मात्र खरं.

पत्र फाडल्याची गोष्टही रचलेली. संघाला रीतसर आमंत्रणच आलं नाही. पण इथे मला अर्धं मान्य करावं लागतं. दोघांना वगळून जायचं का, असा प्रश्न संघापुढे आला होता आणि सगळ्यांनी नाही म्हटलं, असं त्या संघातल्या खेळाडूंनी पुढे अनेकदा सांगितलं आहे. तो नकार मोठाच होता. ९ पैकी ९ सामने जिंकलेला संघ घरी बसला.

मला सर्वांत जास्त लागलं ते हे, की या फॉरवर्डमध्ये त्या दोघांची नावंच नाहीत. ऑली मॅटसन आणि बर्ल टोलर. मॅटसन त्या हंगामात चेंडू घेऊन १,५६६ यार्ड धावला, देशात सर्वाधिक. १९५२ च्या हेलसिंकी ऑलिंपिकमध्ये त्यानं ४०० मीटरमध्ये कांस्य मिळवलं. खाशाबा जाधवांनी कुस्तीत कांस्य मिळवलं ते हेच ऑलिंपिक. टोलर एनएफएलमध्ये एकही सामना खेळला नाही, १९५२ मध्येच त्याचा गुडघा गेला. आणि 'पहिला काळा खेळाडू' यांच्यापैकी कुणीच नव्हतं, एनएफएलमध्ये कृष्णवर्णीय खेळाडू १९४६ पासूनच पुन्हा खेळू लागले होते. टोलर १९६५ मध्ये त्या लीगमधला पहिला कृष्णवर्णीय पंच झाला, सॅन फ्रान्सिस्कोत शाळेचा मुख्याध्यापकही झाला.

भाचीला मी रात्रीच फोन केला. शेवटचा परिच्छेद तिनं खोडलाय, आणि डॉर्सीचं नाव कसं उच्चारायचं ते दोनदा विचारून घेतलंय.