रुमालाची जहागीर

सातारा स्टँडवर संध्याकाळची वाई गाडी फलाटाला लागायच्या आतच खिडक्यांतून जागा धरायला सुरुवात. रुमाल, टोपी, डब्याची पिशवी. काल तर एका सीटवर मेथीची जुडी बसलेली. ओली! मी दारातल्या रेटारेटीतून रीतसर आत शिरले, तर खिडकीखालून आवाज, "ओ ताई, तिथं माणूस हाय!" कुठाय माणूस? काकू अजून खालीच, केळ्यांचा भाव करतायत.

बरं, एका रुमालाला एक माणूस असता तर सोसलं असतं. इथं एका रुमालावर अख्खं खानदान. 2022 पासून पंचाहत्तरी ओलांडलेल्यांना एसटी फुकट, 2023 पासून आम्हा बायकांना अर्धं तिकीट. गर्दी वाढली, वाढू दे की, चांगलंच आहे. पण आजोबा दांडीला लोंबकळणार आणि मेथी ऐसपैस बसणार? कंडक्टर बिचारा त्या गर्दीत तिकिटाचं मशीन सांभाळेल की रुमालांचे तंटे सोडवेल!

आनेवाडी टोलनाका गेला, मी उभीच. पाचवडला काकू मेथी घेऊन उतरल्या. मी टेकणार, तेवढ्यात खिडकीतून एक टोपी येऊन पडली.