घरमालक की नवरा?

लंडनमध्ये आमच्या भागातल्या लायब्ररीत महिन्यातून एकदा दहाबारा बायका पुस्तकावर गप्पा मारायला जमतो, मागच्या वेळी नायजेरियन लेखिका बुची एमेचेटाची १९७४ची 'सेकंड क्लास सिटिझन' ही कादंबरी घेतली होती. लागोसहून लंडनला आलेल्या अडाची गोष्ट, बरीचशी लेखिकेची स्वतःचीच. नोकरी हिची, नवऱ्याला विलायतेला शिकायला पाठवायचे पैसे हिचे, आणि ही मागून पोरं घेऊन पोचते तर तोच हिला ऐकवतो की इंग्लंडात पाय ठेवलास की तू दुय्यम नागरिक. पुढे ती वह्यांमध्ये पहिली कादंबरी लिहिते आणि तो त्या वह्या जाळून टाकतो.

इथे सगळ्या हळहळल्या, आणि शेजारच्या बाईंनी अगदी मायेने मला विचारलं, तुमच्याकडेपण असंच असतं का? नायजेरिया कुठे, आपण कुठे! पण मी पटकन म्हणाले, छे हो, आमच्याकडे नाही असं काही. साफ खोटं. माझ्या मावशीची कवितांची वही बंबात गेलीय, घरातल्या सगळ्यांना माहितीये.

तिकडे भारतात कॉलेजात इंग्रजी शिकवणाऱ्या मैत्रिणीला हे सांगितलं तर ती भडकलीच. तिचं म्हणणं, परदेशात बसून लिहिणाऱ्या ह्या बायका गोऱ्या वाचकाला जे हवं तेच देतात, आपले पुरुष राक्षस, आपली संस्कृती अंधारी, मग बक्षिसं मिळतात. भारतात होते तेव्हा मी ह्यावर तिच्याशी कडाकडा भांडायचे. आता वाटतं, अर्धं बरोबर आहे तिचं, गोऱ्या वाचकाची ती भूक मी इथे डोळ्यांनी बघितलीय. कारण त्याच कादंबरीत काळ्यांना खोली नाही म्हणणारे घरमालक पानंच्या पानं आहेत, आणि ते तेव्हा कायद्यात बसत होतं बरं का, घर नाकारण्यावर बंदी आली १९६८च्या कायद्याने. त्या पानांवर आमच्यात कोणी दोन मिनिटंसुद्धा बोललं नाही, ते म्हणे जुनं झालं. आणि मैत्रिणीच्या वर्गात नेमकं उलटं, तिथे घरमालकावर नोट्स, वसाहतवादावर नोट्स, नवरा मात्र 'परिस्थितीचा बळी'. एमेचेटाने दोघांना एकाच पुस्तकात शेजारीशेजारी बसवलं होतं की!

मैत्रीण म्हणाली, आपल्याकडे आनंदीबाई जोशींना नवऱ्यानेच शिकवलं ते बघ. बघितलं ना. अमेरिकेत डॉक्टरकी शिकताना ह्याच आनंदीबाईंनी तिथल्या लोकांसमोर बालविवाहाची बाजू घेऊन भाषण केलं, ऐकणारे चाटच पडले. आणि त्याच बाईने तिथूनच गोपाळरावांना पत्रात लिहिलं की दहाव्या वर्षी तुम्ही मला लाकडाने मारलंत, बाराव्या वर्षी खुर्च्या फेकल्यात. चारचौघांत एक, पत्रात दुसरं. पूर्वी मला हा दुटप्पीपणा वाटायचा. लायब्ररीतल्या त्या संध्याकाळनंतर नाही वाटत, परक्या लोकांसमोर आपल्या घराची लाज झाकायला जीभ आपोआप वळते, भाषण तयार करायलाही लागत नाही. फरक इतकाच की आनंदीबाईंनी निदान पत्र तरी लिहिलं, मी मावशीला अजून फोनसुद्धा केलेला नाही.

अडाचा शेवट तर आणखी वाईट आहे. मुळात तिच्या जन्माची तारीखच कोणी टिपून ठेवली नव्हती, मुलगी झाली म्हणून. आणि शेवटी कोर्टात नवरा म्हणतो आमचं लग्नच झालेलं नाही, कारण लग्नाचा दाखला, तिचा पासपोर्ट, पोरांचे जन्मदाखले, सगळं त्याने आधीच जाळलेलं असतं. मी स्वतः इथे 'डिपेंडंट' व्हिसावर आले होते, तेव्हा सगळ्यांच्या कागदांची फाईल नवऱ्याच्या बॅगेत होती. भला माणूस आहे तो, प्रश्न तो नाही. पण मी ती फाईल कधी मागितलीच नव्हती, हे कादंबरीतलं ते प्रकरण वाचताना लक्षात आलं.

पुढच्या महिन्यात ह्याच पुस्तकावर उरलेल्या गप्पा आहेत. आधी घरमालकाचा विषय काढायचा आणि मग मावशीच्या वहीचा, असं ठरवलंय. मैत्रिणीला सांगितलं तर म्हणते, वहीचं त्यांना कशाला सांगतेस?