कळलावीचा कंद खाण्याचा सल्ला देणाऱ्या संदेशाला उत्तर

‘कळलावी ही १२ वर्षांतून एकदाच फुलणारी दुर्मिळ वनौषधी आहे; टोकाला वळलेले पान दिसले की ती ओळखावी; तिचा कंद उकडून नवव्या महिन्यात खाल्ला की सिझेरियनची वेळ येत नाही; सांधेदुखीही त्यानेच जाते; आयुर्वेदात सांगितलेली असल्यामुळे अपाय काहीच नाही.’ अशा आशयाचा संदेश व्हॉट्सॲपवर फिरत आहे. आमच्या घरच्या ग्रुपवर तो एका वडीलधाऱ्या नातेवाइकांनी, दिवस भरत आलेल्या माझ्या चुलत बहिणीसाठी म्हणून टाकला आणि त्याखाली लगेच कंद कुठे मिळेल याची विचारपूस सुरू झाली. म्हणून हे उत्तर लिहिणे भाग आहे.

१२ वर्षांच्या दाव्यात काहीही तथ्य नाही. कळलावी दरवर्षी पावसाळ्यात फुलते. सात वर्षांनी एकदा फुलते ती सह्याद्रीतली कारवी, आणि ती सर्वस्वी वेगळी वनस्पती आहे.

ओळखीबाबतचा दावा अर्धा खरा आहे, एवढे मान्य करावे लागते. कळलावीच्या बिनदेठाच्या, भाल्यासारख्या पानाचे टोक तणाव्यासारखे वळते आणि त्याच्या आधाराने ही नाजूक वेल कुंपणावर, करवंदीच्या जाळीवर चढते. फुलाला सहा पाकळ्या असतात, त्यांच्या कडा नागमोडी असतात आणि त्या मागे, वरच्या दिशेने वळलेल्या असतात; उमलताना हिरवट-पिवळे असलेले फूल पुढे केशरी आणि मग लालभडक होत जाते. सहा पुंकेसर बाहेर पसरलेले दिसतात आणि कुक्षीवृंत (फुलाच्या मधोमध असलेली स्त्रीकेसराची दांडी) काटकोनात एका बाजूला वळलेला असतो. फूल समोर असताना चूक होणे अवघड आहे, आणि कोकणात गणपतीच्या माटवीला (मूर्तीच्या वर टांगलेल्या लाकडी चौकटीला) ही फुले बांधणाऱ्यांना ही ओळख शिकवावी लागत नाही. पण संदेश फूल तोडायला सांगत नाही, कंद खणायला सांगतो. पावसाळा सरल्यावर वेल वाळून जाते, जमिनीत फक्त कंद जिवंत राहतो आणि पुढच्या पावसात त्यालाच नवा कोंब फुटतो. पान आणि फूल दोन्ही नसताना हातात आलेला तो कंद बहुधा नांगरासारखा दुबेळक्याचा असला, तरी तुकडे झाल्यावर तो इतर कंदांपासून वेगळा ओळखणे कठीण असते. श्रीलंकेत तो रताळे समजून खाल्ल्याने विषबाधा झाल्याच्या नोंदी आहेत.

आता सर्वांत घातक दाव्याकडे येतो. कळलावीच्या सर्व भागांत, विशेषतः कंदात आणि बियांत, कोल्चिसिन नावाचे विष असते. हे विष पेशींचे विभाजन थांबवते. त्यामुळे शरीरात जिथे पेशी सतत नव्याने तयार होतात, त्या आतड्यांच्या अस्तरावर आणि अस्थिमज्जेवर त्याचा मोठा आघात होतो. खाल्ल्यावर पहिले काही तास काहीच जाणवत नाही, मग उलट्या आणि जुलाब सुरू होतात, आणि पुढच्या काही दिवसांत रक्तपेशी घटून मूत्रपिंड, यकृत, हृदय निकामी होऊ शकते. जे वाचतात त्यांचे केस दोन-तीन आठवड्यांनी गळू लागतात. उकडल्याने हे विष नष्ट होत नाही, कारण कोल्चिसिन उष्णतेला दाद देत नाही. प्रसूतीसाठी या कंदाचा उपयोग जुन्या परंपरेत सांगितलेला आहे हे खरे, परंतु तो बाहेरून लेप लावण्याचा आहे. त्याला कंद खाण्याच्या सल्ल्याचा आधार म्हणून पुढे करणे म्हणजे आई आणि बाळ दोघांच्या जिवाशी खेळणे आहे.

सांधेदुखीचा दावाही अशाच अर्धवट माहितीवर उभा आहे. गाउट या सांधे सुजून दुखण्याच्या विकारात डॉक्टर कोल्चिसिन देतात, पण ते ०.५ मिलिग्रॅमच्या मोजलेल्या गोळीतून, रुग्णाची मूत्रपिंडे पाहून. कंदाच्या एका तुकड्यात किती कोल्चिसिन आहे हे घरातल्या कोणालाही सांगता येणार नाही.

राहिला आयुर्वेदाचा दाखला. आयुर्वेदात ही वनस्पती ‘लांगली’ या नावाने येते आणि तिची गणना उपविषांत, म्हणजे दुय्यम विषांत, होते. शोधन, म्हणजे विषारीपणा कमी करण्याची प्रक्रिया, केल्याशिवाय ती वापरायची नसते. कायदाही हेच मानतो. १९४५ च्या औषधे व सौंदर्यप्रसाधने नियमांतील अनुसूची ई(१) मध्ये विषारी द्रव्यांच्या यादीत धोत्रा, गुंज, वत्सनाभ यांच्याबरोबर लांगलीचे नाव आहे, आणि अशी द्रव्ये असलेल्या पोटात घेण्याच्या औषधांच्या वेष्टनावर ‘वैद्यकीय देखरेखीखालीच घ्यावे’ अशी सूचना छापणे बंधनकारक आहे. आयुर्वेदाचे नाव पुढे करणाऱ्यांनी निदान आयुर्वेदाची ही मर्यादा तरी पाळावी.

कुणी हा कंद खाल्लाच असेल, तर उलट्या सुरू होण्याची वाट पाहू नये. उरलेला कंद किंवा वेलीचा तुकडा सोबत घेऊन त्या व्यक्तीला तत्काळ मोठ्या रुग्णालयात न्यावे, वाहन नसेल तर १०८ वर फोन करावा, आणि काय खाल्ले, किती वाजता खाल्ले, हे डॉक्टरांना काहीही न लपवता सांगावे. सध्या बरे वाटते आहे म्हणून रुग्णाला घरी परत आणू नये.